माणिकप्पांचं चुचकारणं

बिथरलेला बैल जुवाखाली येईना की रेणापुरात माणिकप्पांना बोलावणं जाई. ते चाबूक धरत नसत. बैलाची मानेखाली लोंबणारी कातड्याची पोळी खाजवत, तोंडानं च् च् करत, "राजा हाय माझा" म्हणत. बैल मान खाली घाली. याला चुचकारणं म्हणतात.

पुढं ट्रॅक्टर आले. मग नांदायला जायचं नाही म्हणणाऱ्या पोरींसाठी गाव त्यांना बोलावू लागलं. रीत तीच. आवाज चढवायचा नाही. पोरीशेजारी भुईवर बसायचं, तिच्या हातचा चहा मागायचा, चहा वाखाणायचा, मग तिचं शहाणपण. अकरा पोरी त्यांनी परत पाठवल्या. पुढं त्यांचं काय झालं, हे कधी विचारलं नाही.

विरूपाक्षची थोरली पोरगी वर्षाराणी मुखेडहून, सासरहून, तिसऱ्यांदा आली होती. धाकट्या पुनमची सोयरीक जुळत होती, थोरली घरात दिसली तर मोडली असती. माणिकप्पा तिच्या डाव्या बाजूला बसले.

"तुझ्यासारखी समजदार पोरगी अख्ख्या रेणापुरात न्हाई, बाई. घर तुझ्यावर उभं हाय."

ती भिंतीकडं बघत राहिली. ते बराच वेळ बोलले. शेवटी तिचं लक्ष गेलं.

"अप्पा, त्या कानानं ऐकू येत न्हाई आता. काय म्हणलात?"

"समजदार हाईस म्हणलं."

"मागल्या बारीला बी म्हणलात. म्हणून तर डॉक्टरला सांगितलं, पायरीवरून पडले."

माणिकप्पा उठून ओसरीवर आले. चप्पल शोधू लागले.

"ह्या पोरीनं जाऊ नये, विरूपाक्ष. मला जमणार न्हाई."

विरूपाक्षनं त्यांचा हात धरला. खांद्यावरचा घसरलेला गमछा नीट केला.

"तुम्हाला जमणार न्हाई? तुमचा शब्द आजवर कुणी मोडलाय का, अप्पा? लोक म्हणत्यात, माणिकप्पा बसले की काम झालं. तुमच्यासारखा माणूस पंचक्रोशीत राहिला कुठं?"

माणिकप्पा मान खाली घालून ऐकत होते. गेल्या कैक वर्षांत त्यांच्याशी असं कुणी बोललं नव्हतं. चप्पल तिथंच राहिली.

ते आत गेले. या खेपेला तिच्या उजव्या बाजूला बसले.

"चहा टाकतीस का, बाई? तुझ्या हातचा."

वर्षाराणीनं त्यांच्याकडं एकदा बघितलं आणि ती उठली.