चारशे दिवसांचं वर्ष

आमच्या वन्सं चिडल्या की आवाज चढवत नाहीत, चष्मा पुसतात. त्या दिवशी छापखान्यातून आल्या आणि चपला न काढता दारातच चष्मा पुसायला लागल्या, तेव्हा मी मुकाट्यानं गॅस बारीक केला.

"वहिनी, माझं वर्ष चाळीस दिवसांनी कापलं त्यांनी."

वन्सं म्हणजे माझ्या नवऱ्याची धाकटी बहीण. बावीस वर्षं एकाच छापखान्यात मुद्रितं तपासतात. लग्न केलं नाही, मागची खोली त्यांची. त्या खोलीतल्या टेबलावरचा कागद हलवायची हिंमत घरात कोणाची नाही. त्यांच्या भावाची तर नाहीच नाही.

अकरा वर्षांपूर्वी त्यांच्याकडे छापल्या जाणाऱ्या मुलांच्या मासिकात एक कथामालिका सुरू झाली. आकाशात दोन चंद्र असलेलं एक बेट, तिथला नावाडी आणि त्याची मुलगी. लेखक लिहायचा झकास, पण तारखांच्या बाबतीत सगळा आनंदीआनंद. तिसऱ्या भागात नऊ वर्षांची मुलगी पाचव्या भागात, त्याच हंगामात, अकराची झाली. वन्संनी समासात विचारलं, 'मुलगी दोन महिन्यांत दोन वर्षांनी वाढली कशी?' लेखकानं कळवलं, 'तुम्हीच काय ते ठरवा.'

आता असं कोणी म्हटलं तर माणूस एक आकडा बदलून मोकळा होतो. वन्संनी अख्खं कॅलेंडर ठरवलं.

चारशे दिवसांचं वर्ष. चाळीस दिवसांचा एक असे दहा महिने, त्यांना बेटावरच्या कामांची नावं: जाळं, मीठ, दोर, शीड... थोरला चंद्र दर चाळीस दिवसांनी पूर्ण होणार, धाकटा दर पंचवीस दिवसांनी. म्हणजे दोघं एकदम पूर्ण होणार ते बरोबर दोनशे दिवसांनी, वर्षातून दोनदा. त्याच दिवशी भरती एवढी चढते की खडकांवरून होडी पार होते. एरवी बेट बंद. आठवडा आठ दिवसांचा. आठव्या वाराला बेटावर कोणी कोणाला काम सांगायचं नाही. पोटात आग पडली तरी ज्यानं त्यानं आपलं आपण बघायचं. हा वार ऐकला तेव्हा मी म्हटलं होतं, "वन्सं, तिकडे घर भाड्यानं मिळतं का बघा हो."

लेखक त्या कॅलेंडरावर गोष्टी रचत गेला. कुठल्या महिन्यात कोण जन्मलं, भरती कधी, हे विचारायला त्याचा फोन थेट आमच्या घरी यायचा. 'ताई, तुम्ही नसता तर माझं बेट बुडालं असतं,' असं मी माझ्या कानांनी ऐकलंय.

आता त्या मालिकेचं पुस्तक होत होतं. शेवटी कॅलेंडरचं पान होतं, आणि त्यावर वर्ष तीनशेसाठ दिवसांचं. महिने बारा, वार सात. खाली बारीक अक्षरात: 'लेखकाच्या कल्पनेतून.'

दुसऱ्या दिवशी मी वन्संसोबत गेले. नुसती बसेन म्हटलं. छापखान्याच्या पुढच्या खोलीत संपादक आणि लेखक चहा पीत होते.

"ताई, मुलं गोंधळतात हो," संपादक म्हणाले. "बारा महिने कसे, ओळखीचे वाटतात."

"ओळखीचं हवं असेल तर दोन चंद्र कशाला ठेवलेत? एक काढून टाका. होडीऐवजी बस लावा."

"तुम्ही फार मनाला लावून घेता."

"मी मनाला नाही, हिशेबाला लावते. नावाडी जोडपौर्णिमेला जातो आणि मुलीला सांगतो, अर्ध्या वर्षानं येईन. पुढची भरती दोनशे दिवसांनी. तुमचं अर्धं वर्ष एकशेऐंशीचं. पोरगी वीस दिवस आधीच किनाऱ्यावर जाऊन उभी. समोर खडक. शेवटच्या पानावर ती बापाला मिठी मारते म्हणता, ती कोणाला मारते? खेकड्याला?"

मला हसू फुटलं. लेखकानं कप खाली ठेवला. "इतकं कोण मोजतंय ताई?"

हे त्यानं म्हणायला नको होतं. वन्संनी चष्मा काढला, पण पुसला नाही.

"मी मोजलं. अकरा वर्षं मोजलं. तुम्ही फोनवर विचारत होतात, तेव्हा कोण मोजत होतं, भिंत?"

"बरं बाई, जुनं कॅलेंडर परत टाकू," संपादक घाईनं म्हणाले. "आणि आभारात तुमचं नाव घालू. सगळ्यांबरोबर."

"आभार नकोत. पुस्तक त्यांचं, त्यांचं नाव राहू दे. कॅलेंडर माझं आहे. त्या पानावर माझं नाव येईल, नाही तर ते पान येणार नाही."

"आणि आम्ही तसंच छापलं तर?"

आतल्या दारात मशिनवाला उभा होता, हात पुसत. तो म्हणाला, "साहेब, ताईंची सही नसलेला फर्मा मी मशिनवर चढवत नाही. बावीस वर्षांत चढवलेला नाही. तुम्हाला चालवता येत असेल मशिन, तर या."

लेखकाचे कान लाल झाले होते. शेवटी त्यानं ते मुद्रित ओढलं, 'लेखकाच्या कल्पनेतून' खोडलं आणि त्याखाली वन्संचं पूर्ण नाव लिहिलं. "झालं समाधान? करा सही."

मला वाटलं, आता तरी हसतील. छे. पान नव्यानं जुळवून आणायला त्यांनी दुपार घेतली आणि मग स्वतःची जुनी वही लेखकासमोर ठेवली.

"वाचा."

"काय?"

"मुद्रित एकट्यानं तपासत नाहीत. एकानं मूळ मोठ्यानं वाचायचं, दुसऱ्यानं छापलेलं बघायचं. मूळ हे आहे. तारीख, वार, दोन्ही चंद्र. चारशेच्या चारशे."

"मी?"

"कल्पना तुमची होती ना कालपर्यंत? मग तोंडपाठच असेल."

तो वाचायला लागला. सुरुवातीला फणकाऱ्यानं, मग भरभर, मग घसा बसल्यावर हळू. वन्संची पेन्सिल एकेका चौकोनावरून सरकत होती. संपादक केव्हाच उठून गेले होते. मी पाणी पुढे केलं, तर वन्संनी माझ्याकडे असं बघितलं की मी पेला माझ्याच तोंडाला लावला.

आठव्या महिन्यात तो सव्वीसवरून अठ्ठावीसवर गेला. पेन्सिल थांबली.

"सत्तावीस कुठंय?"

"राहिली चुकून. एकच तर दिवस ताई..."

"महिना आठवा," वन्सं म्हणाल्या. "पहिल्या तारखेपासून."