जवळा बाजारातला सर्पदंश

"पाय धरा! छातीवर बसा! विष वर चढून राहिलं!"

पागोटेवाले आजोबा ओरडत होते आणि तो पाय माझा होता. जवळा बाजार या गावचा आठवडी बाजार, भरदुपार. पंचवीस वर्षं मी शब्दांविना, नुसत्या अंगानं नाटक करतोय. हिंगोलीत पोरापोरींना तेच शिकवतोय. त्या दिवशीचा आमचा मूक खेळ असा, की सोयाबीनमध्ये शेतकऱ्याला साप चावतो आणि लोक त्याला थेट दवाखान्यात नेतात. साप नव्हताच. मी नुसत्या नजरेनं असा नाग उभा केला की दोन म्हशी खुंटा उपटून औंढ्याकडं पळाल्या. आजोबा मात्र दोन तगडे गडी घेऊन उशिरा आले. त्यांना दिसला तो तोंडाला फेस आलेला, तडफडणारा माणूस. आधीपासून बघणारे टाळ्या वाजवत होते. त्यांना आजोबाही आमच्यातलेच वाटले!

गड्यांनी दोरवाल्याकडचं नवंकोरं दावं माझ्या मांडीला आवळलं. झाडाखाली दाढ्या करणारा न्हावी वस्तरा घेऊन धावला.

"बाबा, नाटक हाय हे! नाटक!" मी बोंबललो.

"मेंदूत गेलं," आजोबा म्हणाले. "आता असंच बरळणार."

"कुठं चावला? दात दिसून न्हाई राहिले," न्हावी म्हणाला.

"अंदाजानं काप. काहून उशीर करून राहिला?"

वस्तरा पोटरीला टेकला. गार. पाय बधिर होत चालला होता, तरी ते गार पातं कळत होतं. वर्गात मी भीती शिकवतो: श्वास इथं अडवा, बोटं अशी आखडा. खोटं आहे सगळं. खऱ्या भीतीत श्वास सापडतच नाही, अडवता कुठला! हा पाय गेला तर मी संपलो. दुसरं काहीच येत नाही मला. माझे चार विद्यार्थी पाच पावलांवर हात वर करून बाभळी झाले होते. त्यांच्याकडं बघून मी हंबरडा फोडला. एक फांदी हलली नाही.

रक्ताचा पहिला थेंब आला तशी मोकळ्या पायानं न्हाव्याला लाथ घातली, गड्यांना झटकलं आणि लंगडी घालत सुटलो. तेवढ्या वेगानं कनेरगाव नाक्याची जीपसुद्धा जात नाही.

बाजाराबाहेर, कापसाच्या ट्रकच्या सावलीत विद्यार्थ्यांनी मला गाठलं. दाव्याची गाठ मला सुटेना.

"मी मरून राहिलो होतो. तुमी काहून हलले न्हाई रे?"

त्यातली सगळ्यात हुशार पोरगी गाठ सोडत म्हणाली, "आमाला वाटलं सर, आज बरं जमून राहिलं तुमाला."