चालू म्हणजे पुरे

कप भरून वाहतो आहे, कपाखालची बशी भरून वाहते आहे, चहाचा तपकिरी ओघळ सारवलेल्या ओट्यावरून खाली अंगणात निघाला आहे, आणि माझी आई दोन्ही हात वर करून, घाबऱ्या डोळ्यांनी म्हणते आहे — “चालू, चालू, चालू!” किटली घेऊन समोर उभ्या असलेल्या शेवंताकाकू, आमच्या शेजारीण, मनातून चांगल्याच वैतागल्या आहेत, तरी ओतताहेत, कारण पाहुणीनं मागितल्यावर हात आखडता घ्यायचा नाही, हा वऱ्हाडचा बाणा. किटली रिकामी झाली तेव्हा त्या नवऱ्याकडे वळून म्हणाल्या, “मी तरी काय करू? थे तं चालू चालूच म्हणून राह्यली!”

आमच्या तेलुगूत ‘चालु’ म्हणजे पुरे. मराठीत चालू म्हणजे काय, ते तुम्हाला सांगायला नको. मी तेव्हा जेमतेम चार वर्षांची असेन, त्यामुळे ही आठवण खरोखर माझी, की पुढे गल्लीत शंभरदा ऐकून माझी झालेली, देव जाणे... पण त्या चहातल्या गवती चहाचा वास मला आजही येतो, म्हणून ती माझीच, असं मी धरून चालते.

करीमनगरकडच्या एका खेड्यातून, पैनगंगा ओलांडून, आम्ही पांढरकवड्याला आलो ते कापसाच्या मागोमाग. बाबा जीनमध्ये — म्हणजे कापसातून सरकी वेगळी करणाऱ्या कारखान्यात — फिटर होते, आणि आई तिथंच कापसाच्या ढिगाऱ्यावर बसून किडकी, पिवळी पडलेली बोंडं — कवडी — वेचून बाजूला काढायची आणि निवडलेला कापूस यंत्राच्या पट्ट्यावर टाकायची. संध्याकाळी ती घरी यायची तेव्हा तिच्या भुवया पांढऱ्या झालेल्या असायच्या, पापण्यांवर तंतू, केसांत तंतू, कानातल्या लोलकांतही तंतू. आणि तिच्या पदराला सरकीचा तो तेलकट, उबदार वास... हिवाळ्यात मी त्या पदरात तोंड खुपसून बसायची आणि ती एकेक तंतू ओढून काढत मला दिवसभरात शिकलेले मराठी शब्द म्हणून दाखवायची. अर्धे चुकीचे. नदीपलीकडची राजव्वा, म्हणजे माझी आई, इथं सगळ्यांची राजाबाई झाली होती, मी सरोजाची सरोज झाले होते, आणि आमचा गोंगूरा मात्र बाजारात अंबाडी या नावानं अगदी जुन्या ओळखीसारखा भेटला होता. तो पहिल्यांदा दिसला तेव्हा आई भाजीवालीसमोर चक्क रडली होती, असं बाबा सांगत.

मी शाळेत जाऊ लागले आणि घरातली दुभाषी झाले. रेशनच्या दुकानात मी, दवाखान्यात मी, घरमालकाशी बोलायला मी. सात वर्षांच्या पोरीनं डॉक्टरला आईच्या पोटदुखीबद्दल काय काय सांगावं, याला काही सुमार? पण माझी ऐट अशी, की जणू आईचं पोटही मलाच दुखतंय. त्या ऐटीच्या आत एक लाजही होती, ती आज कबूल करते. शाळेच्या दाराशी आई आली की मी तिला लांबूनच हातानं गप्प राहायची खूण करायची. पोरी तिला मुद्दाम विचारायच्या, “काकू, पाणी पाह्यजे का अजून?” आणि ती हसून म्हणायची, “चालू.” सगळ्या खिदळायच्या. तीही खिदळायची. इतकी वर्षं झाली, अनेक शब्द तिच्या जिभेवर रुळले, पण हा एक काही सुधारायचं नाव घेईना. मला वाटायचं, माझी आई साधी आहे, जरा भोळीच आहे, आणि तिला सांभाळणं हे माझं काम आहे.

मग कापसाची ती वाईट वर्षं आली. जीनच्या आवारात जिथं पूर्वी बैलगाड्यांची रांग पार हायवेपर्यंत जायची तिथं कुत्री ऊन खात पडू लागली. कापसाचं नाव काढलं की मोठी माणसं एकमेकांकडे बघून विषय बदलत. हंगाम आक्रसत आक्रसत दीड महिन्यावर आला. बाबा कामासाठी गुंटूरकडच्या जीनमध्ये गेले, आणि आई व मी मागे राहिलो... ती, मी आणि अंगणातली अंबाडी.

मी सातवीत होते. माघातल्या एका सकाळी मामा आला. आईचा थोरला भाऊ, उंच, गोरटेला, मिशीला तेल लावणारा. त्याला वाईट म्हणायची माझी तयारी नाही. आमच्या पडत्या काळात खांद्यावरून तांदळाचं पोतं वाहून आणणारा, मला मांडीवर बसवून शेंगा सोलून देणारा माणूस होता तो. या वेळीही तांदूळ होते, चिंच होती, आणि माझ्यासाठी हिरवा परकर होता. परकर आईच्या हातात देऊन तो म्हणाला, “राजू, आता पोरीला माझ्याकडे दे. खाऊनपिऊन सुखी राहील. दोन वर्षांनी माझ्या पोराशी लग्न लावून टाकू.” बहिणीची मुलगी भावाच्या घरी देणं ही आमच्याकडची रीतच, त्यात विचारण्यासारखं काही नव्हतंच. बाबांनाही त्यानं गुंटूरला गाठून होकार घेतला होता. फक्त शाळेतून दाखला काढायचा राहिला होता. आई मान खाली घालून तांदूळ निवडत होती. ती हो म्हणाली नाही, नाहीही म्हणाली नाही. मी चुलीशी बसून पेटत नसलेल्या लाकडावर फुंकर घालत राहिले आणि डोळ्यांतलं पाणी धुरावर ढकललं.

दुसऱ्या दिवशी अकरा वाजता आम्ही तिघं हेडमास्तरांसमोर उभे. मामाला तेलुगूपलीकडे काही येत नव्हतं. म्हणजे माझ्याच शाळेतून माझंच नाव कसं काढायचं, याचं भाषांतर मलाच करायचं होतं. हेडमास्तरांनी रजिस्टर उघडलं, पेनाचं टोपण काढलं, आणि माझ्याकडे न बघता आईला म्हणाले, “हे पाहा राजाबाई, पोरगी हुशार आहे. आता तुमीच सांगा, शिक्षण चालू ठेवाचं का दाखला लिहू? एकडाव लिहिला का मंग मायाजवळ इलाज नाई.”

“काय म्हणतो?” मामानं मला विचारलं.

मी प्रामाणिक दुभाषी. “विचारताहेत,” मी तेलुगूत सांगितलं, “शाळा पुढे न्यायची, की ‘चालु’?”

मामानं आईकडे पाहिलं. हेडमास्तरांनी आईकडे पाहिलं. खिडकीबाहेर पोरं पाढे म्हणत होती. आईनं पदर खांद्यावरून पुढे घेतला आणि टेबलावरच्या शाईच्या डागाकडे बघत म्हणाली, “चालू.”

हेडमास्तरांनी टोपण लावलं. “बस्स, झालं मंग. परीक्षा झाली का निकालाचा कागद घेऊन जा.” मामानं समाधानानं मिशीवरून हात फिरवला. एका शब्दावर दोन माणसं एकाच वेळी इतकी खूश झालेली मी पुन्हा कधी पाहिली नाहीत.

आणि मी? मला दोन्ही भाषा येत होत्या. त्या खोलीत दोघांनी काय काय ऐकलं ते मला एकटीलाच कळलं होतं, असं मला वाटलं. आईनं ‘पुरे’ म्हटलं होतं — माझ्या आईनं, माझ्या शाळेला, पुरे! — आणि मास्तरांनी ते उलटं ऐकलं होतं. मी तोंड उघडायला हवं होतं. आयुष्यात पहिल्यांदा मी भाषांतर केलं नाही. बाहेर आल्यावर आई त्याला म्हणाली, “परीक्षेनंतर कागद देणार आहेत. मिळाला की मीच पोरीला घेऊन येते.” म्हणजे निकालाच्या कागदालाच ती दाखला समजली होती, असं मी मनाशी म्हटलं आणि तिची कीव केली. मामा दुपारच्या एसटीनं गेला.

निकाल लागला. आईनं तो कागद पेटीत ठेवला. मामाचे दोन निरोप आले, ट्रकवाल्यांच्या हाती. जूनमध्ये तिनं मला वह्या आणल्या. मी काही विचारलं नाही. विचारलं असतं तर चूक उघडी पडली असती, आणि मला ती चूक जिवापाड प्यारी झाली होती. आठवी, दहावी, बारावी, मग यवतमाळला औषधनिर्माणशास्त्राची पदविका... प्रत्येक निकालाच्या दिवशी पेढा आईच्या तोंडात घालताना आत कुठेतरी टोचायचं, की मी हिला फसवून शिकले.

ते टोचणं मी वीसेक वर्षं बाळगलं. मग एका दुपारी, उमरखेडला माझ्या घरी आई राहायला आली असताना, अंबाडी निवडता निवडता मी एकदाचं सगळं ओकून टाकलं. एव्हाना ती माझ्याशी निम्मी तेलुगू, निम्मी वऱ्हाडी बोलायची. तिचे हात थांबले नाहीत. देठ एकीकडे, पानं एकीकडे.

“तुले काय वाटलं,” ती म्हणाली, “मले समजत नव्हतं? अवं, जीनमंधी फोरमन ‘चालू’ म्हणून ओरडला का मशीन सुरू होये, पट्ट्याजवळचा हात काढून घ्या लागे. ज्या बाईले थो शब्द नाई समजला, तिचा हात गेला असता. नऊ वर्सं काम केलं मी तिथं. हे पाहाय, दोन्ही हात आहेत.”

आणि तिनं अंबाडीनं माखलेले दोन्ही पंजे माझ्यासमोर धरले.

मला हसू आलं, मग रडू आलं, मग दोन्ही एकदम. केवढी बाई ही! गल्लीनं हसावं, पोरींनी हसावं, पोटच्या पोरीनं कीव करावी, आणि हिनं तो चुकीचा शब्द वर्षानुवर्षं जपून ठेवावा, आणि एका सकाळी तोच नेमका टेबलावर ठेवावा! “पण मग मामाला सरळ नाही का नाही म्हणालीस?” मी विचारलं.

“भावाले नाई म्हणाले तोंड लागते, बिड्डा. त्याचे तांदूळ खाल्लेलं तोंड होतं मायं.”

“आणि मला तरी सांगायचंस!”

“तुया पोटात राह्यलं नसतं,” ती म्हणाली, आणि पुन्हा देठं खुडू लागली.

आई गेली त्याला तीन वर्षं झाली. तेव्हा मामाकडून कुणी आलं नाही. येणार नाही हे ठाऊकच होतं. त्या माघानंतर मामा पांढरकवड्याला पुन्हा आला नाही, आणि आई नदीपलीकडे पुन्हा गेली नाही. ते आपोआप तुटलं, अंतरामुळे, दिवस वाईट होते म्हणून, असं मी इतकी वर्षं समजत आले. आता त्या वर्षीच्या नवरात्रातली एक सकाळ सारखी डोळ्यांसमोर येते. नवरात्रात आमच्याकडे बतुकम्मा असते. तरवडाची पिवळी फुलं आणि कुर्डूचे तुरे थरावर थर रचून बायका फेर धरतात, आणि त्यासाठी भाऊ बहिणीला माहेरी न्यायला येतो. दरवर्षी मामा यायचा. त्या सकाळी आई अंधारातच न्हाली, मलाही न्हाऊ घातलं, चापून वेणी घातली, ठेवणीतलं लुगडं नेसली, आणि हैदराबादकडून येणाऱ्या रस्त्याकडे तोंड करून ओट्यावर बसली. एक एसटी आली. दुसरी आली. उतरणारी माणसं आपापल्या वाटेनं गेली. मी दप्तर घेऊन तिच्या मागे उभी होते. आज शाळेला सुट्टी घेऊ का, असं मी विचारलं.

तिनं माझ्याकडे वळून पाहिलं, माझ्या खांद्यावरचा दप्तराचा पट्टा सरळ केला.

“घंटी झाली असंन,” ती म्हणाली. “पळ.”