चमक बसवणारी अक्का

हातात काहीही आलं की अक्का ते आधी उजेडात तिरकं धरायची. रंगाचं शेडकार्ड असो, स्टीलची ताटली असो, नाहीतर लग्नाची पत्रिका. एक डोळा मिटायचा, मान खांद्याकडे कलायची, आणि उजेड त्या वस्तूवरून घसरला की निकाल ठरलेला.

"हाई चमकी ऱ्हायनं, भाऊ. बठाड तेले."

बठाड म्हणजे बसव. अक्काच्या हिशेबात चमक म्हणजे उधळलेलं गोऱ्हं. त्याला दाव्याला बांधून खाली बसवलं, की झालं मॅट!

तुमच्याही ओळखीत असं एखादं माणूस असेल, एकाच शब्दाने सगळं जग मोजणारं. आमच्या अक्काचा शब्द होता मॅट. नंदुरबारला माझं रंगाचं आणि फरशीचं दुकान. वरच्या मजल्यावर अक्काचं ब्यूटी पार्लर. माहेर नवापूरचं, त्यामुळे निम्मी खरेदी सुरतेची. लिपस्टिकच्या खोक्यांबरोबर हा शब्दही तिने कधीतरी रेल्वेने आणला असणार. आणला तो आणला, आमच्या अख्ख्या बाजारात पेरला. माझी तक्रार तिथूनच सुरू होते.

माझी वरची जागा तिने भाड्याने घेतली त्याच आठवड्यात ती खाली आली.

"भाऊ, भिंतले रंग पाहिजे. मॅटवाला."

मी म्हणालो, "ऑइलपेंट घ्या अक्का. आरशासारखी भिंत होईल."

"आरसा शेतस ना मन्हाकडे. भिंतना आरसा कसाले?"

मी व्यापारी माणूस. 'नाही' हा माल मी दुकानात ठेवत नाही. म्हणालो, "चकचकीत काय, मॅट काय, रंग तो रंग." झालं! बाईने पर्समधून दोन लिपस्टिक काढल्या आणि भर बाजारात माझ्या पालथ्या हातावर दोन रेघा ओढल्या. एक चकचकीत, एक मॅट. मग दोन्हींवरून अंगठा फिरवला. चकचकीत रेघ मनगटापर्यंत फासली गेली. मॅट होती तिथेच.

"चमकनारं पसरस, भाऊ. बसेल ते ऱ्हास."

समोरचा चहावाला खो-खो हसला. घरी गेल्यावर बायकोने हात पाहिला आणि जे विचारलं ते मी इथे लिहीत नाही.

दुसऱ्या दिवशी मी मॅट रंग मागवून दिला. भाव सांगितला. तिने अर्धा कापला. मी काउंटरवर ब्रश आपटला. माझा आवाज चढला की गिऱ्हाईक गडबडतं, दोन पावलं मागे येतं, हा माझा आयुष्यभराचा अनुभव. ती सरळ जिना चढून निघून गेली! आणि मी, ज्याने कधी कोणाला परत बोलावलं नाही, तो मी रस्त्यावर उभं राहून ओरडलो, "अक्का, घेऊन जा!" हे मी अजून विसरलेलो नाही.

मग काय, तो शब्द जिन्यावरून खाली वाहत राहिला. अल्बम मॅट कागदावर काढायचा, कारण चकचकीत फोटोवर सासूच्या बोटांचे ठसे उमटतात, आणि मग पाहणाऱ्याला नवरी दिसत नाही, सासू दिसते. कपाटाला सनमाईका मॅट. मोबाइलचं कव्हर मॅट. शाळेतले एक गुरुजी फळ्यासाठी माझ्याकडून काळा ऑइलपेंट नेत होते, तर हिने जिन्यातूनच त्यांना अडवलं. "गुरुजी, चमकना फळा तर कडेनं बठेल पोऱ्हेसले खिडकीच दिसी. अक्षर कोठे दिसी?" गुरुजी डबा परत घेऊन आले. माझा विकलेला डबा!

धानोऱ्याची एक नवरी आली होती. आईचा हट्ट, पोरगी चमकली पाहिजे. अक्का स्पंजने पोरीच्या कपाळावर पावडर बसवत होती आणि आईला सांगत होती, "माय, व्हिडिओना लायट पडना की चमकेल तोंड तळेल पापडनामायक दिसस. तुले पोर पाहिजे का पापड?" नवरी इतकी हसली की काजळ पुन्हा घालावं लागलं. लग्नातून ते लोक परतले ते अक्कासाठी लाडूंचा डबा घेऊनच. त्या डब्याचं झाकणही तिने उजेडात तिरकं धरून पाहिलं.

माणसांनाही सुटका नव्हती. गोड बोलून उधार मागणारा आला, की ती जिन्यातून मला नुसती खूण करायची. ग्लॉसी! कमी बोलणारा, वेळेवर येणारा दिसला, की मॅट. कोणाच्या होणाऱ्या जावयाची परीक्षाही तशीच. "गाडी मॅट काळी शे. पोऱ्ह्या बरा व्हई."

एकदा मी विचारलं, "आणि मी?"

"तू?" तिने मान कलवली, एक डोळा मिटला. "तू तर पुरा ग्लॉसी शे. रागमा तर आरसाच."

आता मुद्द्यावर येतो. माझ्या घरावर येतो.

आमचे भाऊबंद मला चुनावाला म्हणतात. तरुणपणी मी सायकलला पोती बांधून खेडोपाडी चुना विकला, म्हणून. दुकान झालं, दुकानाला काचेचा दरवाजा झाला, तरी मी चुनावालाच. श्रावणात आमच्याकडे कानबाई बसते. नारळाला डोळे, नथ, लुगडं, दागिने, अशी ती चौरंगावर सजते. रविवारी तिच्या नैवेद्याचे रोट होतात आणि सोमवारी ती वाजतगाजत नदीवर जाते. रोट फक्त भाऊबंदांनी खायचा. आणि आमची कानबाई दरवर्षी थोरल्या चुलतभावाच्या घरी. कधी मी म्हणालो, यंदा माझ्याकडे, की थोरला म्हणायचा, "आधी घर तर बांध."

बांधलं! धानोरा रस्त्याला बांधलं, आणि त्या श्रावणात कानबाई माझ्याकडे बसवायला थोरल्याला हो म्हणावंच लागलं. आणि खाली फरशी टाकली ती अशी की वरच्या पंख्याची पाती तिच्यात मोजून घ्यावीत. गुजरातच्या व्यापाऱ्याशी मी तीन वेळा भांडून तो माल उचलला होता. मला भाऊबंदांची तोंडं त्या फरशीत बघायची होती. अगदी खरं सांगतो, तेवढ्यासाठीच ती फरशी होती.

अक्का घर बघायला आली. उंबऱ्यात थांबली. फरशी काही हातात घेऊन तिरकी करता येईना, म्हणून बाई स्वतःच तिरकी झाली. कमरेत वाकली, एक डोळा मिटला.

"भाऊ, आठून, हाई फरशीवरून कानबाई उठाडशी? जी बाईना डोकावर कानबाई, तिना पाय धुतस तुम्ही लोके. वल्ला पाय, हळदनं पाणी, नि हाई तलाव!"

"फरशी आहे ती!"

"बठाड तिले. मॅट टाक."

मी पेटलो. म्हणालो, "तुझ्या पार्लरमध्ये काय बसवायचं ते बसव. माझ्या घरात तो शब्द काढायचा नाही!" माझा आवाज नव्या घरात घुमला. अक्काने पदर सारखा केला, बायकोच्या हातचा चहा पूर्ण प्यायला आणि गेली. कानबाईपर्यंत ती दुकानात उतरली नाही. जिन्यातून जाताना काउंटरकडे बघायचीसुद्धा नाही.

सोमवार उजाडला. काय थाट होता! हलगी वाजतेय, बायका नटलेल्या, सगळे भाऊबंद माझ्या दिवाणखान्यात, आणि फरशीत सगळ्यांचे फेटे उलटे. थोरला खाली बघत होता आणि मी थोरल्याकडे. माझ्या बायकोचे पाय हळदीच्या पाण्याने धुतले. कानबाईचा चौरंग तिच्या डोक्यावर चढला. आमच्यात एकदा कानबाई उचलली, की नदी येईपर्यंत खाली ठेवत नाहीत. ठेवली तर घराला लागतं म्हणतात.

पुढे आरतीचं ताट घेऊन थोरल्याची बायको निघाली. दोन पावलं टाकली, आणि धप्प! ताट गोल गोल फिरत भिंतीला जाऊन आपटलं. हलगी थांबली. वहिनी फरशीवर बसलेली, तिच्या हाताला धरून उठवायला गेलेली दुसरी तिच्याच शेजारी.

थोरला म्हणाला, "चुनावालानी घर नही, घसरगुंडी बांधी!"

कोणी हसलं नाही. कारण सगळ्यांची नजर माझ्या बायकोवर होती. डोक्यावर चौरंग, पाय ओले, आणि समोर उंबऱ्यापर्यंत नुसतीच चमक. कानबाईची नथ हलत होती. पुढे टाकलेलं पाऊल बायकोने मागे घेतलं, तेही घसरलं, कशीबशी सावरली.

मी ओरडलो, "सतरंजी आणा!" सतरंजी अंथरली. पोराने पाय ठेवून पाहिला, तर सतरंजीच होडीसारखी निघाली. आता? ठेवता येत नाही, चालता येत नाही. मी, भावकीला फरशी दाखवायला निघालेला माणूस, देवघराच्या दारात नुसता हात पसरून उभा!

आणि तेवढ्यात दारातून खर्रकन आवाज आला.

अक्का! ती भाऊबंद नव्हती, रोट तिला चालणार नव्हता. पण कानबाई निघताना बघायला अख्खी वस्ती येते, तशी तीही फाटकाशी उभी असणार. कुंपणाचं बांधकाम बाकी होतं, त्याचा वाळूचा ढीग दाराशीच होता. पदर खोचलेला, कमरेला वाळूचं घमेलं, चप्पल बाहेर काढलेली. उंबऱ्यातूनच तिने पहिली मूठ फेकली.

थोरला गरजला, "ए बाई! कानबाईनी वाटवर वाळू?"

"कानबाई कोठे जाई ऱ्हायनी, दादा?"

"नदीवर."

"मंग हाई तापीनी वाळू शे. नदीच उनी तिले लेवाले!"

आणि मागून एक म्हातारी काकू ठणकावून म्हणाली, "खरं सांगस ती! टाक माय, टाक!"

मग काय विचारता! आणखी दोघींनी घमेली भरली. अक्का शेतात बी फोकावं तशी वाळू फोकत पुढे सरकत होती, आणि माझ्या डोळ्यांदेखत फरशी विझत चालली होती. आधी त्यातले फेटे गेले, मग पंखा गेला, मग खिडक्या. उंबऱ्यापासून देवघरापर्यंत एक भुरा, शांत, बसलेला रस्ता तयार झाला.

अक्का बायकोसमोर उलटी चालत निघाली. "मन्हाकडे देख, बहीण. खाले देखू नको. टाच दाब. हां. आते दुसरा पाय. वाळू तुन्हा पाय धरी ठेवी."

कर्र, कर्र. एकेक पाऊल. कानबाई उंबऱ्याबाहेर पडली आणि हलगीवाल्याने अशी थाप मारली की वस्तीतली कुत्रीसुद्धा नाचली असतील! बायका त्या वाळूवरच फुगड्या घालायला लागल्या. पडलेली वहिनी सगळ्यांत पुढे. नदीवरून परतल्यावर थोरल्याने माझ्या घरी मांडी ठोकून रोट खाल्ला आणि माझ्याकडे न बघता म्हणाला, "पुढला साल भी आठेच, तुन्हा घर."

तेवढ्यासाठी मी आयुष्यभर भांडलो होतो.

संध्याकाळी घर झाडलं, पुसलं. आणि पाहतो तर काय! इतक्या पावलांखाली वाळू घासली गेलेली. देवघरापासून उंबऱ्यापर्यंत फरशीचा पट्टा कायमचा आंधळा. आरशातून कोणी पायवाट काढावी तसा. मी तडक पार्लर गाठलं. अक्का दातात दोरा धरून कोणाच्या तरी भुवया कोरत होती. तिने दोरा सोडला नाही.

"अक्का, माझी फरशी!"

"काय झायं?"

"देवघरापासून दारापर्यंत चमक गेली!"

"आजूबाजूनी शे ना आजून?" दातांतून आवाज आला. "घमेलं लई येऊ का?"

खुर्चीतली बाई हसली आणि तिची भुवई वाकडी झाली. अक्काने शांतपणे ती सरळ केली. "बाकी लोकेसकडून मी पैसा लेस, भाऊ. तुले मॅट फुकट करी दिनं."

फुकट! मला! उभ्या जन्मात फुकट काही घेतलं नाही मी. घासाघीस करून घेतलं, भांडून घेतलं. तिच्यासाठी साडी पाठवली, परत आली. रंगाचे डबे पाठवले, तेही जिन्यावरून खाली आले. एखाद्याने तुमच्यावर उपकार करावा आणि तुम्हाला त्यावर बोलूच देऊ नये, हा कुठला व्यवहार?

गेल्या उन्हाळ्यात अक्काने पार्लर बंद केलं. लेक सुरतला, तिच्याकडे कायमची निघाली. किल्ली द्यायला खाली आली, तेव्हा मी म्हणालो, "भाडं कमी करतो." ती जुडग्यातून किल्ली काढत होती. "अर्धं करतो." मी स्वतःच स्वतःशी भाव पाडत गेलो, आणि आयुष्यात पहिल्यांदा समोरून घासाघीसच झाली नाही. तिने किल्ली काउंटरवर ठेवली. मग ती पुन्हा उचलली, उजेडात तिरकी धरली. जुनी, हातांनी घासलेली किल्ली.

"बसेल शे," म्हणाली आणि रिक्षात बसली.

यंदाही कानबाई आमच्याकडेच होती. बायको चौरंग डोक्यावर घेऊन त्या आंधळ्या पट्ट्यावरून खाली न बघता चालत गेली, ओल्या पायांनी, गाणं म्हणत. मी दारात उभा होतो. मान आपोआप कलली, एक डोळा मिटला. उजेड खिडकीतून आला, फरशीभर घसरला, आणि त्या पट्ट्यापाशी येऊन बसला.

लोक विचारतात, अहो, फरशीचं दुकान तुमचं, आणि घरात हा डाग? एवढा पट्टा बदलून का टाकत नाही?

मी सांगतो, भाव जमत नाही.