गंज न लागलेलं जहाज

यांना जहाजांच्या प्रतिकृती करायचा नाद होता. ईस्ट टामाकीतल्या कारखान्यातून आले, जेवले, की गॅरेजमध्ये जाऊन बसत. शेवटचं जहाज त्यांनी असं निवडलं, जे कधी बांधलंच गेलं नव्हतं. महायुद्धात मालवाहू जहाजांसोबत जाऊन पाणबुड्यांपासून त्यांना राखण्यासाठी ते आखलं होतं. नाव ठरलं, आराखडे झाले, आणि बांधणी सुरू व्हायच्या आत मागणी रद्द झाली.

प्रतिकृती पुरी झाली आणि थोड्याच दिवसांत हे गेले.

यांच्या प्रतिकृतीवाल्यांच्या मंडळात एक रीत आहे. रंग वाळला की नांगराखाली, कडांवरून ब्रशने गंजाचे ओघळ रंगवायचे, म्हणजे जहाज समुद्र पाहून आल्यासारखं दिसतं. यांनी ते रंगवले नाहीत. "पाण्यात उतरलंच नाही, ते गंजेल कुठून?" एवढंच म्हणाले होते.

प्रदर्शनाआधी मंडळातले यांचे एक म्हातारे मित्र घरी आले. जँडल्स, म्हणजे इथल्या रबरी चपला, दारात काढून, अवघडून बसले.

"त्याचं गंजाचं काम राहून गेलं. मी करतो. एका दुपारचं आहे."

"राहिलेलं नाही," मी म्हणाले.

मुलीला मराठी सगळं कळतं, उत्तर मात्र अर्धं इंग्रजीत. "आई, लेट हिम. बाबाला प्राइझ मिळेल."

"प्राइझ हवं असतं तर बाबांनीच गंज रंगवला असता."

"यू आर सो स्टबर्न."

"तुझे बाबा जास्त होते."

प्रदर्शनात सगळ्या जहाजांवर तांबूस ओघळ होते. आमचं तेवढं स्वच्छ राखाडी. परीक्षक वाकून पाहत राहिले. "कारागिरी उत्तम आहे. पण अपुरं आहे."

यांच्या त्या म्हाताऱ्या मित्रांनी खिशातून ब्रश काढला. आणलाच होता. "अजून वेळ आहे," ते हळूच म्हणाले.

हे गेल्यापासून लोक मला सारखं काही ना काही उरकायला सांगत होते. कपडे देऊन टाका, गॅरेज रिकामं करा, पुण्याला परत जा. मी ऐकून घेत आले होते. आता खुर्ची टेबलाला भिडवली आणि जहाजापुढे बसले.

"हात लावू नका. ते पुरं आहे. ज्याला समुद्रावर जाऊच दिलं नाही, त्याच्या अंगावर समुद्राच्या खोट्या खुणा मी रंगवू देणार नाही."

परीक्षक पुढच्या टेबलाकडे गेले. बक्षीस दुसऱ्या कुणाला मिळालं.

"हॅपी?" मुलीने विचारलं.

"हो," मी म्हणाले. "जहाज दोन्ही हातांनी धर. खालून."