सातव्या प्रश्नाचं उत्तर ‘क’

गजाननने शिडीच्या पहिल्या पायरीवर पाय ठेवला होता. हिंगणीजवळच्या शेतातला अकरा केव्हीचा खांब, वर दुरुस्तीचं काम. सबस्टेशनने लाइन बंद केली होती आणि तसं परमिट या लाइनमनला मिळालं होतं.

मी विचारलं, “डिस्चार्ज रॉड कुठे आहे?”

“गाडीत हाय साहेब. लाइन तं बंदच हाय, मंग रॉड काऊन?”

डिस्चार्ज रॉड म्हणजे हुक असलेला लांब दांडा. त्याची वायर आधी जमिनीतल्या सळईला जोडायची, मग हुक तारेत अडकवायचा. बंद लाइनमध्ये कुठून वीज आलीच, तर ती जमिनीत जाते. आमच्या ऑनलाइन सेफ्टी कोर्सच्या क्विझमध्ये यावर प्रश्न होता. गजाननला पैकीच्या पैकी मार्क होते.

“कोर्समध्ये काय सांगितलंय?”

“सातव्याचं उत्तर क.”

“क म्हणजे काय?”

तो हसला. “ते कोन वाचते साहेब? ग्रुपवर उत्तरं आली, आपन टिक मारत गेलो.”

मी रॉड लावायला लावला. हुक तारेला टेकताच कडाडून ठिणगी उडाली.

शेजारच्या शेतात कोणीतरी मेन स्विच न पाडता जनरेटर सुरू केला होता. त्याची वीज ट्रान्सफॉर्मरमधून उलटी आमच्या लाइनवर आली होती. गजानन शिडीपासून मागे सरला.

“उत्तरं कोणाकोणाला गेली?”

“साऱ्याइले.”

दुसरा लाइनमन वसंता त्याच वेळी दुसऱ्या लाइनवर काम करत होता. मी फोन लावला. उचलला नाही. पुन्हा लावला.

“तो नेहमी उचलते साहेब,” गजानन म्हणाला.

आम्ही गाडी काढली. निम्म्या वाटेवर वसंताचाच फोन आला.

“खांबावर होतो साहेब. मोबाइल खाली थैलीत होता.”

“रॉड लावला होता?”

“लाइन बंद होती ना.”

दोघांची परीक्षा पुन्हा घ्या, असं मी वरिष्ठांना कळवलं. “पास झालेल्यांची परत घेता येत नाही, सिस्टिममध्ये तशी सोयच नाही,” ते म्हणाले.

आता मी प्रत्येक लाइनमनला खांबाखाली तेच प्रश्न तोंडी विचारतो. पर्याय देत नाही. कामाला उशीर होतो, गावातून तक्रारी येतात. उत्तर आलं नाही, तर त्या दिवशी तो माणूस वर चढत नाही.