तासादीतच्या हातचं अंजीर

अरेज्की दिलेल्या शब्दाला जागणारा माणूस. फ्रेंच निशाणापुढे शपथ घेतली ती घेतलीच. शिवाय इटलीच्या लढाईत कॅप्टनने त्याला पाठीवर घालून गोळ्यांतून बाहेर काढलं होतं. आता मात्र तेच सैन्य त्याच्याच काबिल जमातीच्या डोंगरांत बंडखोर हुडकत होतं, आणि झडतीला आधी घरात धाडायचे ते अरेज्कीला, कारण भाषा त्याची.

त्या सकाळी वरच्या गावातलं शेवटचं घर राहिलं होतं. कॅप्टन आणि बाकीचे शिपाई अंगणाबाहेर थांबले. अरेज्की आत शिरतो तोच तासादीत म्हातारीने तेलात बुडवलेलं अंजीर त्याच्या हातावर ठेवलं. उंबऱ्यात दिलेलं नाकारायचं नाही, हे हाडीमाशी भिनलेलं. गडी खाऊन बसला!

मग धान्याच्या रांजणांमागे बंदुकीची नळी दिसली. मागे म्हातारीचा जखमी मुलगा होता.

"खाली कर ती," म्हातारी दबक्या आवाजात मुलावर खेकसली. "माझ्या हातचं खाल्लंय त्यानं. पाहुणा आहे."

"पाहुणा? फ्रेंचांचा कुत्रा आहे तो, आई!"

"असेना. माझ्या आसऱ्याला आलाय."

नळी खाली गेली. अरेज्की बघतच राहिला. मूठभर हाडांची बाई, आणि एका वाक्यात तिने त्याचा जीव वाचवला होता.

"आणि तू रे?" ती त्याच्याकडे वळली. "खाल्ल्या घरावर हात टाकणार? की बापानं शिकवलेलं सगळं गणवेश चढवताना खुंटीला टांगलंस?"

"आत कुणी आहे का?" बाहेरून कॅप्टनची हाक आली.

या माणसाशी तो कधी खोटं बोलला नव्हता. "म्हातारी एकटीच आहे, साहेब," तो म्हणाला, आणि शरमेने त्याची मान खाली गेली.

म्हातारीने डोक्याचा रुमाल सोडून त्याच्या दंडाला बांधला, तिच्या आसऱ्याची खूण म्हणून. "खिंडीतूनच परतणार ना? आमची पोरं टपून बसलीत तिथं. चल, मी पुढे होते. तुझ्याबरोबरचे तेही माझेच."

खिंडीत ती अनवाणी पुढे चालत होती, पांढरे केस उघडे टाकून. ओकच्या झाडीत अरेज्कीला बंदुका दिसल्या. त्याच्या दंडावरचा रुमाल बघून एकेक बंदूक खाली होत गेली. 

कॅप्टनला झाडीतलं काहीच दिसलं नव्हतं. त्याने विचारलं, "ही बाई का येतेय रे आपल्याबरोबर? कोण आहे ती?"

"आई आहे, साहेब," अरेज्की म्हणाला. "आपली."